दुपारच्या टेपा : वेंगुर्ल्याच्या माळ्यावरचं काम

९ जून २०२४

माळा उपसायचा तो मे महिन्यात, कौलं परतताना. आम्ही मुहूर्त काढला जूनचा, मृगाचा पाऊस दारात आल्यावर. दोन पत्र्याच्या ट्रंका खाली आल्या. एकीत अण्णांच्या सायकल दुकानाच्या पावत्या, पंक्चरच्या सोल्यूशनच्या दगड झालेल्या ट्यूबा आणि रेडिओच्या परवान्याची पुस्तिका. पोस्टात वर्षाला १५ रुपये भरायचे आणि शिक्का मारून घ्यायचा. आपल्याच घरात रेडिओ ऐकायला परवाना लागायचा, हे भाच्याला अजून पटत नाहीये. दुसऱ्या ट्रंकेत स्पूल टेपा. मोजल्या, ३१.

अण्णा म्हणजे माझे आजोबा. वेंगुर्ल्याच्या बाजारात तासाच्या भाड्याने सायकली द्यायचे. जहाजावर नोकरीला असलेल्या मावसभावाने १९६६ साली त्यांना जर्मन टेपरेकॉर्डर आणून दिला आणि पुढची तेरा-चौदा वर्षं त्यांनी रेडिओवरचं शास्त्रीय गाणं त्यावर उतरवून घेतलं. मशीनही माळ्यावरच होतं, उंदरांनी वायर कुरतडलेलं.

माझा बेत सरळ आहे. आकाशवाणीचा संगीताचा राष्ट्रीय कार्यक्रम शनिवारी रात्री साडेनऊला असायचा. अण्णा तो सोडायचे नाहीत असं बाबा सांगतात. म्हणजे या ट्रंकेत मोठमोठे गवई असणार. ते तेवढे काढायचे, संगणकावर घ्यायचे, पावसाळा संपायच्या आत मोकळं व्हायचं.

१३ जून

मोकळं कसलं. पहिली पाच खोकी उघडली आणि तीन टेपांच्या कडेला पांढरी बुरशी. खोलीतलं आर्द्रतेचं यंत्र ९० च्या खाली यायला तयार नाही. अशा हवेत टेप चालवली तर बुरशी हेडवर, म्हणजे टेप वाचणाऱ्या भागावर, तिथून पुढच्या टेपेवर, शिवाय माझ्या नाकात. सगळं बंद करून ठेवलं. सिलिका जेलच्या पुड्या मागवल्या, पण हवाबंद ठेवायचं कशात?

आजीने विषय संपवला. "पापडाच्या डब्यात घाल गो. माज्या डब्यात बुरशी इली काय कधी?"

पापडाचे चार मोठे डबे मिळाले. पापड सध्या पिशवीत आहेत आणि ते माझ्या नावावर मांडून ठेवलेले आहेत.

३० जून

टेपांना हात लावता येत नाही म्हणून वही वाचली. लांब पाठीची, जमाखर्चाची. पुढून सायकलींचा हिशोब : कोण, किती वाजता नेली, किती वाजता आणली. मागून, वही उलटी धरून, रेडिओ. तेच रकाने, तीच शिस्त. वार, वेळ, केंद्र, कलाकार, राग, मिनिटं, आणि शेवटी 'आ.' म्हणजे आवाज कसा आला ते. 'आ. स्व.' म्हणजे स्वच्छ. 'आ. ख.' म्हणजे खरखर. एका ठिकाणी 'आ. गेला', आणि तेवढंच.

केंद्राच्या रकान्यात 'प.' सगळ्यात जास्त, म्हणजे पणजी. मग मुंबई, आणि रात्री कधीमधी धारवाड. यातसुद्धा भूगोल आहे. मध्यम लहरी, म्हणजे मीडियम वेव्ह, दिवसा जमिनीला धरून जातात. खाऱ्या पाण्यावरून त्या लांबवर टिकतात, डोंगर-कातळात लवकर मरतात. पणजी आम्हाला समुद्रावरून यायची, त्यामुळे घरच्यासारखी. धारवाड सह्याद्रीच्या पलीकडे, दिवसा नावालाच. सूर्य मावळला की वरच्या वातावरणातला, लहरी शोषून घेणारा थर विरतो, त्याच लहरी आणखी वरून परावर्तित होऊन खाली येतात आणि घाटापलीकडची केंद्रं अंगणात उतरतात. अण्णांना हे कुणी शिकवलं नसणार. त्यांच्या रकान्यात मात्र ते बरोबर उतरलंय : धारवाडच्या एकूण एक नोंदी रात्री आठनंतरच्या.

७ जुलै

पाऊस थांबत नाही. आजीला विचारलं, टेपरेकॉर्डर यायच्या आधी काय ऐकायचात?

"गोयचो रेडियो. फिरंग्यांचो. आमका काय कळायचा नाय, पण गाणी बरी. मगे एका दिवशी गप झालो."

तो दिवस सांगता येतो. पोर्तुगीजांचं 'एमिसोरा द गोवा' १९४६ पासून चालू होतं. १८ डिसेंबर १९६१ ला भारतीय विमानांनी बांबोळीचं रेडिओ केंद्र उडवलं. ९ जानेवारी १९६२ पासून पणजीहून आकाशवाणी बोलायला लागली. मध्ये तीन आठवडे.

त्याच्याही आधीची एक गोष्ट आमच्याच जिल्ह्यातली. १९५५ च्या नोव्हेंबरात वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो यांनी आंबोलीच्या जंगलात ट्रान्समीटर लावून गोव्यासाठी भूमिगत रेडिओ सुरू केला. नंतर तो कर्नाटकातल्या कॅसल रॉकला हलला आणि गोवा मुक्त होईपर्यंत चालला. आंबोलीला आम्ही शाळेची सहल घेऊन दरवर्षी जातो, धबधब्याखाली भिजतो, भजी खातो, परत येतो. या पावसाळ्यात मुलांना हे सांगायचं ठरवलंय.

पण हे माझं काम नव्हे. टेपा.

२८ जुलै

कुडाळच्या एका जुन्या मिस्त्रींकडे मशीन दिलं. वय सत्त्याहत्तर, वॉल्व्हचे रेडिओ अजून दुरुस्त करतात. झाकण उघडून वास घेतला आणि म्हणाले, "रबर गेलेला. बाकी सगळा जित्या आसा." आतला रबरी पट्टा डांबरासारखा चिकट झाला होता. तो खरवडायला दोन दिवस, नवा बसवायला दोन आठवडे.

तोवर एका मित्राचं स्टिरिओ स्पूल मशीन आणून, बुरशी नसलेली एक टेप लावून पाहिली. डाव्या कानात बाई गातायत, उजव्या कानात कुणीतरी परग्रहावरचा. घाबरले. मग उलगडा झाला : अण्णांचं मशीन टेपेची अर्धी रुंदी एका बाजूला आणि अर्धी दुसऱ्या बाजूला वापरतं. स्टिरिओचं हेड दोन्ही अर्ध्या एकदम वाचतं, म्हणून उजवीकडे दुसरी बाजू उलटी ऐकू येते. उलटा तबला ऐकलाय कधी? थाप आधी गुंजते आणि मग पडते. मी दहा मिनिटं तेच ऐकत बसले.

१० सप्टेंबर

गणपती. पाच दिवस टेपा बंद, भजनं चालू. काल रात्री वाडीतली मंडळी आली, पखवाज, झांजा आणि पेटी. पेटीवाल्या काकांचं बोट कापलेलं, तरी चार बोटांत अख्खी भैरवी काढली. त्यावरून आजीने सहज टाकलं, "ह्यांच्या रेडियोत पेटी नसायचीच. माका वाटायचा, दिल्लीत पेटी गावणा नाय."

गावायची. वाजवू देत नव्हते. १ मार्च १९४० पासून आकाशवाणीवर हार्मोनियमला बंदी होती. दिल्ली केंद्रावरचे पाश्चात्त्य संगीताचे प्रमुख जॉन फोल्ड्ज यांनी पेटीविरुद्ध लिहिलं. तिचे सूर ठोकळेबाज, दोन सुरांच्या मधली जागा नाही, एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत नेणारी मींड नाही, म्हणजे आपल्या गाण्याला ती परकी. नियंत्रक लायोनेल फील्डन यांनाही ते पटलेलं. रवींद्रनाथांनी जानेवारी १९४० मध्ये कलकत्ता केंद्राला पत्र लिहून बंदीची बाजू घेतली. फोल्ड्ज मात्र १९३९ मध्येच कलकत्त्यात पटकीने गेले होते. बंदी राहिली एकतीस वर्षं. १९७१ मध्ये साथीपुरती, तीही ठरावीक कलाकारांना, सूट मिळाली. एकट्या पेटीच्या वादनाला त्यानंतरही कित्येक वर्षं दार बंद होतं.

आता आमच्या बाजूने बघा. पेटीवादक गोविंदराव पटवर्धन गुहागर तालुक्यातल्या अडूरचे. दुसरे पेटीवादक पी. मधुकर पेडण्याचे. दशावतार पेटीशिवाय उभा राहत नाही, डबलबारीत, म्हणजे दोन भजनी बुवांच्या सामन्यात, बुवाच्या मांडीपुढे पेटी नसेल तर लोक उठून जातील. ज्या किनाऱ्यावर दर देवळात पेटी, त्या किनाऱ्यावरचा रेडिओ तीस वर्षं पेटीविना. मला सारंगी जास्त आवडते, तरी हा न्याय मला पटलेला नाही. पेटीला मींड नाही हे खरं. पण गाणाऱ्याच्या गळ्यात असली की पुरते.

मात्र या बंदीचा मला एक उपयोग झाला. सात टेपांवर तारीख नाही आणि वहीत त्यांची नोंद सापडत नाही. त्या चालवल्या की साथीला काय आहे ते आधी ऐकायचं. पेटी असली, तर टेप १९७१ च्या नंतरची. सारंगी किंवा व्हायोलिन असलं तर काहीच सिद्ध होत नाही, पण पेटी खोटं बोलणार नाही.

१२ ऑक्टोबर

दसरा. ऊन कडक, यंत्र ६१ वर. पापडाचे डबे उघडले. बुरशी सुकून पावडर झालेली. व्हरांड्यात तोंडाला फडकं बांधून, मऊ कापडाने पुसत टेप एका स्पूलवरून दुसऱ्यावर हाताने गुंडाळली. तीन टेपांना अख्खा दिवस गेला.

प्रत्येक स्पूल उजेडात धरून पाहिली. चार टेपांतून उजेड आरपार दिसतो, त्या ॲसिटेटच्या. बाकीच्या पॉलिएस्टरच्या. ॲसिटेट ओढलं की तुटतं, पॉलिएस्टर ओढलं की लांबतं. ऐकायला तुटणं वाईट वाटतं, पण तुटलेलं नीट जोडता येतं, लांबलेल्याचा सूर कायमचा गेला.

१३ ऑक्टोबर

काल शहाणपण लिहिलं, आज घाई केली. ॲसिटेटची टेप जलद मागे घेताना ताडकन तुटली. ब्लेडने तिरका काप, जोडपट्टी, बोटाने दाबून. बागेश्रीच्या अंतऱ्यात जोड आहे. मुद्दाम ऐकलं तरच कळतो. यापुढे कुठलीही टेप जलद मागे घ्यायची नाही. पूर्ण चालवायची आणि तशीच ठेवायची.

२० ऑक्टोबर

मशीन चालतंय! स्पिरिटने हेड पुसलं, मशीनला लावलेली वायर संगणकात घातली. ९६ किलोहर्ट्‌झ, २४ बिट, मोनो. तासाला साधारण एक जीबी. टेप क्र. १४ लावली आणि पहिल्यांदा वाजली ती आकाशवाणीची ओळखधून. पहाटे साडेपाच-सहाला घरोघर वाजायची ती, तंबोऱ्यावर व्हायोलिन. ही धून वॉल्टर कॉफमन यांनी केली असं मानतात. हिटलरच्या सावलीतून निघून १९३४ साली मुंबईत आलेले ज्यू संगीतकार, पुढे मुंबई केंद्रावर काम केलं आणि १९४६ मध्ये भारत सोडून गेले. शिवरंजनीच्या सुरांतली ती धून मात्र इथेच राहिली.

पण काहीतरी चुकत होतं. धून चढी वाटत होती. फोनवर तीच धून लावून ताडून पाहिली तर माझी जवळजवळ अर्ध्या पट्टीने वर. वेगात सहा टक्के फरक पडला की सूर एक पट्टी सरकतो, म्हणजे मशीन तीन टक्के जलद. मिस्त्रींना फोन केला. नवा पट्टा जुन्यापेक्षा किंचित जाड होता, तेवढ्याने. त्यांनी पातळ पाठवला. या एका धुनेने मला वाचवलं, नाहीतर काळी एकमध्ये गाणाऱ्या माणसाला मी कायमचं वर नेऊन ठेवलं असतं.

३ नोव्हेंबर

राष्ट्रीय कार्यक्रम! क्र. ३ ते ८. अण्णांचा हिशोब चोख. १,८०० फुटांची टेप पावणेचार इंच वेगाला ९६ मिनिटं चालते. कार्यक्रम दीड तासाचा, साडेनऊ ते अकरा. एका बाजूत अख्खा बसतो, आणि निवेदनाला सहा मिनिटं उरतात. महागडी टेप फक्त शनिवारसाठी, बाकी वारांना १,२०० फुटी.

हा कार्यक्रम सुरू झाला जुलै १९५२ मध्ये, बा. वि. केसकर नभोवाणी मंत्री असताना. केसकर पुण्याचे, स्वतः गाणं शिकलेले. त्यांच्या काळात आकाशवाणीवरून सिनेसंगीत जवळपास हद्दपार झालं आणि श्रोते काटा फिरवून रेडिओ सिलोनला गेले. १९५७ च्या ऑक्टोबरात विविध भारती काढावी लागली ती त्यांना परत आणायला. लोक केसकरांना या एका गोष्टीसाठी हसतात. हसावं. पण शास्त्रीय गाण्याला रोजचे तास आणि रोजचं मानधन त्यांच्याच काळात मिळालं. कलाकारांची चाचणी घेऊन प्रतवारी लावायची पद्धतही तेव्हाचीच. चाचणी मंडळावर संगीतपंडित श्रीकृष्ण रातंजनकर होते, आणि चाचणी द्यायचीच कशाला म्हणून मोठ्या कलाकारांनी बहिष्कारही घातला.

टेप क्र. ५ मध्ये विचित्र गोष्ट. पणजीचा निवेदक बोलतो तेव्हा आवाज काचेसारखा. दिल्लीचा कार्यक्रम सुरू झाला की गाणं पाण्याखाली गेल्यासारखं हलतं, फुगतं, बुडतं, परत वर येतं. मी टेपेचा दोष समजून तीनदा हेड पुसलं. कार्यक्रम संपला, पणजीचा निवेदक परत आला, आवाज परत काच.

दोष टेपेचा नाहीच. त्या काळी दिल्लीचा कार्यक्रम दूरची केंद्रं लघुलहरींवर, म्हणजे शॉर्ट वेव्हवर, पकडायची आणि आपल्या मध्यम लहरीवरून पुढे सोडायची. दिल्लीहून पणजीपर्यंतच्या आकाशातली हालचाल त्या गाण्यात मिसळून वेंगुर्ल्याला पोचलीय. वहीत पाहिलं. त्या शनिवारपुढे अण्णांनी लिहिलंय : 'आ. स्व. पण दिल्ली हलते.' त्यांना कळलं होतं.

१७ नोव्हेंबर

इथपर्यंत माझा बेत पुरा झाला. सहा राष्ट्रीय कार्यक्रम, सगळे चांगले निघाले. संग्रह करणाऱ्या एका संस्थेला यादी पाठवली होती, उत्तर आलं : सहा स्पूल पाठवा, बाकी स्थानिक ध्वनिमुद्रणांची आवश्यकता नाही. नाक मुरडून लिहिलेलं पत्र वाटलं, पण खरं सांगायचं तर जूनमध्ये मीही हेच म्हणत होते.

मग बाकीच्या २५ कशाच्या, म्हणून वहीतल्या सगळ्या नोंदी रागाप्रमाणे मांडल्या.

१ डिसेंबर

मांडणी झाली. वहीत १०८ ध्वनिमुद्रणं. त्यातली ६४ दुपारी साडेबारा ते साडेतीनमधली. वृंदावनी सारंग ११ वेळा. गौडसारंग ९. शुद्ध सारंग ८. भीमपलास, पटदीप, मुलतानी, मधुवंती. मोठी नावं जवळपास नाहीतच. पंधरा मिनिटं, वीस मिनिटं, फार तर अर्धा तास. गाणारे बहुतेक आकाशवाणीच्या प्रतवारीतल्या खालच्या, 'बी' नाहीतर 'बी हाय' श्रेणीचे. गोव्यातल्या, बेळगावातल्या, सावंतवाडीतल्या शिक्षिका, शिक्षक, देवळात सेवा असलेल्या घराण्यांतले. त्यांची नावं इथे लिहीत नाही, घरच्यांना आधी विचारायचंय.

कारण साधं आहे. अण्णांचं दुकान साडेबारा ते चार बंद. कोकणातली बाजारपेठ दुपारी निजते, अजूनही. बाकीचे जेवून आडवे व्हायचे, अण्णा रेडिओसमोर बसायचे. पण याला दुसरी बाजू आहे, ती माझ्या डोक्यात आज शिरली. दुपारचा राग ऐकायला बाकी जागाच कुठे होती?

आपल्याकडे रागाला वेळ आहे आणि मैफलीलाही वेळ आहे, आणि त्या दोन वेळा जुळत नाहीत. मैफल संध्याकाळची, रात्रीची. पूर्वी संमेलनं रात्रभर चालायची, त्यामुळे ललत, भैरव, तोडीला पहाट मिळायची. रात्री दहानंतर ध्वनिवर्धक बंद हा नियम २००० साली आला तेव्हापासून मालकंस-दरबारी नऊ वाजता उरकावे लागतात. त्याबद्दल सगळे हळहळतात. सारंगाबद्दल कुणी हळहळत नाही, कारण त्याला मैफलीत कधी जागाच नव्हती. महोत्सव दुपारी तीन-चारला सुरू झाला तर मुलतानी, भीमपलास ऐकायला मिळतो, पण सारंग तोवर टळून गेलेला असतो. सूर्य डोक्यावर असताना कोण सतरंजी अंथरतं?

रेडिओ अंथरत होता. प्रेमापोटी नव्हे. दुपारची सभा, म्हणजे दुपारच्या प्रक्षेपणाचा वेळ, भरून काढायचा होता, आणि वेळेचं शास्त्र पाळायचं असा दंडक होता. म्हणून एकच्या सुमाराला स्टुडिओत कुणीतरी सारंग गाणं भाग होतं. रोज. वर्षानुवर्षं. देशभर. कलाकारांनाही त्यामुळे हे राग तयार ठेवावे लागले : दुपारचं बोलावणं आलं आणि सारंग येत नाही, असं सांगून कसं चालेल? तबकडीवर तीन-साडेतीन मिनिटं मिळायची. इथे वीस. वीस मिनिटांत संथ विलंबित मांडायचा, जलद द्रुत गाठायची आणि निवेदकाला दहा सेकंद सोडायचे, ही एक वेगळीच कारागिरी आहे आणि ती या 'स्थानिक' टेपांत भरून राहिलीय. क्र. १९ मधल्या बाई गौडसारंग गातात. त्याची चाल मुळात वाकडी. एक पाऊल पुढे, दोन बाजूला, मग वर. बाई ती वाकडी वाट दोन आवर्तनांत दाखवून मोकळ्या होतात. आलापाला वेळ नाही म्हणून प्रत्येक जागा घट्ट. शेवटची तिहाई, तीनदा म्हटलेला तुकडा, समेवर, तालाच्या पहिल्या मात्रेवर येते आणि श्वासाएवढ्या अंतराने निवेदक, "आताच आपण ऐकलंत…"

मोठ्यांनाही रेडिओने सांभाळलं, ते वेगळं. भीमसेन जोशी तरुणपणी लखनौ केंद्रावर महिना ३२ रुपयांवर होते. मल्लिकार्जुन मन्सूर धारवाड केंद्राचे सल्लागार, जितेंद्र अभिषेकी मुंबई केंद्राच्या कोंकणी विभागात. पण ते रेडिओशिवायही मोठे झालेच असते. क्र. १९ मधल्या बाईंचं तसं नाही. त्यांचं गाणं रेडिओत होतं, आणि आता या टेपेत आहे.

संस्थेला उत्तर लिहिलं : ३१ पाठवीन नाहीतर एकही नाही. अजून काही आलेलं नाही.

८ डिसेंबर

सफाईचा प्रश्न. संगणकावर खरखर पुसायची सोय आहे, भाच्याने एक नमुना करून दाखवला. खरखर गेली, तंबोऱ्याची जवारी, म्हणजे तारांची झणझण, तीही गेली. तिच्यात वरचे बारीक सूर असतात, यंत्राला ते खरखरच वाटतात. गाणं धुवून वाळत घातल्यासारखं झालं.

शिवाय पहिल्या दोन वर्षांच्या टेपा अण्णांनी रेडिओपुढे माईक धरून केल्यात. नंतर ते स्पीकरच्या तारांना वायर जोडायला शिकले. पण १९६८ पर्यंत घरच गाण्यात शिरलंय. क्र. २ मध्ये वृंदावनी सारंगाच्या द्रुतात विळीवर नारळ खवल्याचा आवाज. लय तीनतालाच्या फार जवळ, पण समेला कायम थोडी उशिरा. आजीला ऐकवलं. तिने दोन मिनिटं कान देऊन ऐकलं आणि म्हणाली, "ता माजा नाय, सासूबाईंचा. मी बेगीन खवतंय."

ठरलं : मूळ धारिका, म्हणजे संगणकावरची फाइल, जशीच्या तशी. ऐकायला द्यायच्या प्रतीत फक्त विजेची गुणगुण कमी करायची, बाकी हात लावायचा नाही. यादीत एक रकाना वाढवला, 'घर'.

२२ डिसेंबर

३१ पैकी २८ झाल्या. दोन बुरशीने पार खाल्ल्या. एक कोरी निघाली, तरी दोन्ही बाजू पूर्ण चालवून खात्री केली. पेटीची कसोटी सात बेवारशांपैकी तीनवर लागली : तीन १९७१ नंतरच्या. चौथीत निवेदक रत्नागिरी केंद्राचं नाव घेतो, म्हणजे ती आणखी अलीकडची. ते केंद्र १९७७ मध्ये सुरू झालं. उरलेल्या तीन तशाच, तारखेविना.

दोन कलाकारांच्या घरी फोन झाले. एका ठिकाणी मुलगा म्हणाला, आईचा आवाज आमच्याकडे कुठेच नाही. तो बराच वेळ काही बोलला नाही, मग पत्ता सांगितला. त्यांना प्रत पाठवली.

५ जानेवारी २०२५

टेपा नव्या खोक्यांत, उभ्या, लोखंडी कपाटापासून दूर. सिलिका पुड्या बदलल्या, पुढची बदली मेअखेर, पाऊस यायच्या आत. पापडाचे डबे धुऊन आजीला परत. त्यांना टेपेचा वास येतो अशी तक्रार आहे.

भाच्याने फोनवर एक सोय केलीय. वहीत जी वेळ, त्याच वेळेला ती धारिका आपोआप स्पीकरवर लागते. आज पहिला दिवस. जेवणं झाली, बाजार बंद, रस्त्यावर कुत्रंसुद्धा नाही. १ वाजून ३० मिनिटांनी निवेदकाचा आवाज आला आणि शुद्ध सारंग सुरू झाला. आजी पानाचा डबा उघडत होती. तिने मान वर केली नाही.

"बारीक कर गो तो आवाज. शेजारीण निजली आसतली."